उकडहंडी, घरच्या घरी

डिसेंबर उजाडला की पालघर आणि बोईसरच्या बाजारात वालाच्या शेंगांचे ढीग दिसू लागतात. सफाळे, केळवे, माहीम या बाजूच्या भाजीवाल्या सकाळच्या गाडीने टोपल्या घेऊन येतात. टोपलीत वर हिरवीगार वालपापडी, खाली रताळी आणि कोनफळ, कडेला लसणाच्या पातीच्या जुड्या. ही टोपली पाहिली, की आमच्या भागातल्या माणसाला एकच पदार्थ आठवतो, तो म्हणजे उकडहंडी.

वसईपासून डहाणूपर्यंतच्या वाड्यांमधून थंडीच्या दिवसांत उकडहंडी लागते. रायगड जिल्ह्यात तिची बहीण आहे, तिला पोपटी म्हणतात. उत्तरेकडे सीमा ओलांडून वलसाड भागात गेलात, तर महामार्गाच्या कडेला हंड्या रचून ठेवलेल्या दिसतील. तिथे तिचं नाव उबाडियुं. मसाला, पाला आणि नाव बदलतं, पण मूळ कल्पना एकच. ताज्या शेंगा आणि कंद मातीच्या मडक्यात गच्च भरायचे, तोंड पाल्याने बंद करायचं, मडकं उपडं ठेवून भोवती जाळ करायचा आणि गप्पा मारत बसायचं.

आता तुम्ही म्हणाल, हे वाडीत राहणाऱ्यांसाठी ठीक आहे. बोईसरच्या तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांत राहणाऱ्याने काय करायचं? मी स्वतः अशाच इमारतीत राहतो, म्हणून मला हा प्रश्न जवळचा आहे. उकडहंडी फ्लॅटमध्येही चांगली होते. त्यासाठी मडक्याच्या आत नेमकं काय घडतं ते आधी समजून घ्यावं लागतं. ते कळलं की अंगण नसलं तरी अडत नाही. आणि ते न कळता नुसती 'मंद आच' धरून बसलं, तर शेंगांच्या बाबतीत ते धोक्याचंही ठरू शकतं. त्याबद्दल पुढे सांगतोच.

उकडहंडी या नावात 'उकड' असली, तरी हंडीत पाण्याचा थेंबही घालत नाहीत. मग उकडतं कशात? भाजीच्याच पाण्यात. ताज्या शेंगा, वांगी, रताळी यांत वजनाच्या निम्म्याहून जास्त पाणीच असतं. ताप लागला की ते वाफ होऊन बाहेर येतं आणि तोंड बंद असल्यामुळे आतच कोंडून राहतं.

मडकं उपडं ठेवण्यात मोठी युक्ती आहे. वाफ हवेपेक्षा हलकी, त्यामुळे ती वर चढते. मडकं सरळ असेल, तर तोंडावरच्या पाल्यातून ती निघून जाईल. उपड्या मडक्यात वर असतं ते मडक्याचं बंद बूड. वाफ तिथे साठते, भाजीभोवती फिरते आणि हवेला खालच्या तोंडातून बाहेर ढकलते. उलट जास्तीचं पाणी खाली झिरपतं आणि तोंडाशी कोंबलेल्या पाल्यात व जमिनीत मुरतं. म्हणून हंडीतली भाजी गिचका होत नाही. आधी ती वाफेवर शिजते आणि ओल कमी झाली की कडेच्या शेंगा खरपूस भाजल्या जातात. आत ओल आहे तोवर भाजीचं तापमान शंभर अंशांच्या आसपासच राहतं. ओल सरली की मडक्याला टेकलेला भाग त्याच्या वर जातो आणि मग तो ओळखीचा वास सुटतो. आमच्याकडची म्हातारी माणसं वासावरून हंडी उतरवतात, ती उगाच नव्हे.

मातीच्या मडक्याचंही यात काम आहे. ॲल्युमिनियमचं पातेलं झटकन तापतं आणि झटकन करपवतं. माती सावकाश तापते, सगळीकडून सारखी तापते आणि तापलेली बराच वेळ राहते. याचा फायदा रताळ्याला होतो. रताळ्यात पिष्ट असतं आणि त्या पिष्टाची साखर करणारं द्रव्यही रताळ्यातच असतं. ते साधारण साठ ते पंचाहत्तर अंशांच्या दरम्यान जोमाने काम करतं. कुकरमध्ये रताळं हा टप्पा काही मिनिटांत ओलांडतं. हंडीत मात्र त्याला तिथे बराच वेळ मिळतो. म्हणून तेच रताळं कुकरपेक्षा हंडीत जास्त गोड लागतं. वरून गूळ-साखर काही घातलेली नसते.

इथवर मंद आचेचं कौतुक झालं. आता शेंगांकडे वळू, कारण त्यांचा हिशेब वेगळा आहे. वाल काय, घेवडा काय, राजमा काय, कडधान्यांच्या दाण्यात निसर्गाने स्वसंरक्षणासाठी काही द्रव्यं ठेवलेली असतात. कच्च्या राजम्यात ती सर्वात जास्त. नीट न शिजलेले चार-पाच दाणेही माणसाला उलट्या-जुलाब करायला पुरतात. वालाच्या दाण्यातही अशी द्रव्यं असतात, कोवळ्या दाण्यात कमी आणि जून, वाळलेल्या दाण्यात जास्त. खळखळून उकळलं की राजम्यातलं हे द्रव्य निकामी होतं. पण ऐंशी अंशांच्या आत तासन् तास ठेवलं, तर ते नाहीसं होत नाही. उलट दाणा मऊ लागतो आणि माणूस निर्धास्तपणे खातो.

हल्ली विजेवर चालणारी, रात्रभर मंद शिजवणारी भांडी घरोघर यायला लागली आहेत. त्यांत कच्चा राजमा घालून झोपी जाऊ नका. राजमा किमान पाच तास भिजवावा, ते पाणी फेकून द्यावं, नव्या पाण्यात अर्धा तास खळखळून उकळावा आणि मगच मंद आचेवर ठेवावा. वाळलेल्या वालालाही हाच नियम लावावा. ताज्या शेंगांच्या उकडहंडीत हा धोका राहत नाही, कारण हंडी सावकाश तापते पण शेवटी पूर्ण तापते. आतली वाफ शंभर अंशांना पोचते आणि बराच वेळ तिथे टिकते. मंद आच म्हणजे सावकाश चढणारी आच. अर्धवट आच नव्हे.

शेंगदाणे, कडधान्यं अशी सावकाश भाजून-शिजवून खाण्याची रीत जगात इतरत्रही आहे. अमेरिकेच्या ईशान्य भागात बोस्टन शहराची ओळखच भाजलेल्या घेवड्यावर आहे. तिथल्या जुन्या धर्मनिष्ठ लोकांत रविवारी काम करायचं नाही असा दंडक होता. म्हणून शनिवारी पांढऱ्या घेवड्याचे दाणे, खारवलेलं डुकराचं मांस आणि उसाची काकवी मातीच्या पोटफुग्या भांड्यात घालून ते भट्टीत ठेवायचे. जवळच्या मेन राज्यात तर जमिनीत खड्डा खणून, त्यात निखारे करून, भांडं पुरून रात्रभर ठेवायची पद्धत आहे. आपल्याकडच्या हंडीशी तिचं नातं सांगायला हरकत नाही. दुकानात मिळणाऱ्या डब्यातल्या 'बेक्ड बीन्स' मात्र नावालाच भाजलेल्या असतात. त्या डबा बंद करून डब्यातच शिजवतात.

बोस्टनच्या त्या हंडीतून आपल्याला उपयोगी पडणारी एक गोष्ट शिकण्यासारखी आहे. सात-आठ तास शिजूनही त्यांचा दाणा फुटत नाही, कारण काकवीतला आंबटपणा आणि कॅल्शियम दाण्याला घट्ट धरून ठेवतात. म्हणजे दाणा मऊ व्हायच्या आत आंबट किंवा गूळ घातला, तर तो मऊ होणारच नाही. आपल्या आज्या आमसूल, चिंच, गूळ शेवटी घालायच्या, त्यामागे हेच कारण. आमच्या किनाऱ्याजवळच्या बऱ्याच बोअरचं पाणी जड असतं. ज्या पाण्यात साबणाला फेस येत नाही, त्या पाण्यात वालही लवकर शिजत नाही. कारण तेच, पाण्यातलं कॅल्शियम. अशा वेळी भिजवायला आणि शिजवायला नळाचं किंवा गाळणीचं पाणी घ्यावं. वाल जुना निघाला म्हणून दुकानदाराशी भांडण्याआधी पाणी बदलून बघावं.

आता प्रत्यक्ष कृतीकडे येऊ. सहा-सात माणसांना पुरेल एवढं प्रमाण सांगतो. दाणा भरलेली वालपापडी एक किलो, रताळी अर्धा किलो, लहान बटाटे अर्धा किलो, कोनफळ पाव किलो, लहान वांगी पाव किलो. शेंगांचे दोरे काढायचे, पण शेंगा अख्ख्या ठेवायच्या, फक्त उघडून कीड बघून घ्यायची. कोनफळ सोलून त्याचे मोठे तुकडे करायचे. हाताला खाज येत असेल तर आधी तेल लावावं. करांदे मिळाले तर छानच, पण ते ओळखीच्या बाईकडूनच घ्यावेत. रानातले काही करांदे कडू आणि विषारी असतात. ते खाण्याजोगे करायची आदिवासी बायांची रीत वेगळी आणि वेळखाऊ आहे. ती माहीत असल्याशिवाय रानातले कंद हंडीत घालू नयेत.

मसाला हिरवा. लसणाच्या पातीच्या दोन जुड्या, कोथिंबिरीची एक मोठी जुडी, आठ-दहा हिरव्या मिरच्या, दोन बोटं आलं आणि मीठ हे सगळं जाडसर वाटायचं. मिरच्या वाणगावकडच्या असतील तर हात आखडता घ्या. त्यात दोन चमचे ओवा हातावर चोळून घालायचा, वाटीभर ओलं खोबरं आणि पाव वाटी तेल घालायचं. ओवा विसरू नका. वाल पोटाला जड, वातूळ, असं आपल्याकडे मानतात आणि ओव्याची त्यावर योजना केलेली आहे. वांगी आणि बटाट्यांना चिरा देऊन मसाला भरायचा, उरलेला शेंगांना आणि कंदांना चोळायचा. अर्धा तास तसंच ठेवायचं.

हंडी पाच-सहा लिटरची, साधी, बिनरंगी घ्यावी. बाजारात मिळणाऱ्या रंगवलेल्या, चकचकीत शोभेच्या हंड्यांच्या रंगात काय असतं याचा भरवसा नसतो. त्या चुलीवर चढवू नयेत. नवी हंडी रात्रभर पाण्यात बुडवून ठेवावी. पाल्याचं म्हणाल, तर तो गावागणिक बदलतो. रायगडात पोपटीला भांबुर्डा लागतो, वलसाडकडे उबाडियुंला कलार. ज्यांना हा पाला ओळखता येतो त्यांनी जरूर वापरावा, त्याची चव वेगळीच उतरते. ओळखता येत नसेल तर केळीचं पान पुरेसं आहे. दिसेल तो हिरवा पाला हंडीत कोंबू नये.

शेतावर किंवा वाडीत करणार असाल, तर हंडीला आतून पाल्याचा जाड थर द्या. आधी कंद, मग वांगी-बटाटे, शेवटी शेंगा असं गच्च भरा. वर पुन्हा पाला कोंबा. मोकळ्या जागेत हंडी उपडी ठेवा आणि भोवती गोवऱ्या, सुक्या काटक्या, पेंढा, नारळाची सोडणं रचून पेटवा. जाळ भडकून बसला, की निखाऱ्यांवर पाऊण तास ते तासभर. हंडीवर पाण्याचे थेंब शिंपडले आणि ते चर्र करून उडाले, की आत काम झालं असं समजायला हरकत नाही.

जळणाबद्दल मात्र एक गोष्ट आमच्या बोईसर-तारापूरकरांना मुद्दाम सांगतो. औद्योगिक वसाहतीच्या आसपास फुकटचं लाकूड बरंच पडलेलं असतं. माल ठेवायच्या फळ्या, खोक्यांच्या पट्ट्या, पुठ्ठे. थंडीत शेकोटीला लोक ते सर्रास वापरतात. पण त्या फळ्यांवर कोणतं रसायन सांडलेलं आहे, त्यांना कोणता रंग किंवा औषध लावलेलं आहे, ते वरून कळत नाही. हंडी सच्छिद्र आहे आणि तोंडाला फक्त पाला आहे. तो धूर आपल्या जेवणात आणि पोराबाळांच्या छातीत जातो. अशा लाकडावर उकडहंडी लावू नका. प्लास्टिकचा तुकडाही जाळात जाऊ देऊ नका.

दुसरी गोष्ट फ्लॅटमधल्यांसाठी. 'अस्सल चव' हवी म्हणून बंद गॅलरीत किंवा खोलीत गोवऱ्या-कोळसे पेटवू नका. कोंडलेल्या जागेत त्यातून कार्बन मोनॉक्साईड वायू तयार होतो. त्याला वास नसतो, रंग नसतो, आणि माणूस झोपेतच जाऊ शकतो. धुराची चव हवीच असेल, तर ती वाडीतल्या नातेवाइकांकडे जाऊन खावी. तेवढ्या निमित्ताने जाणंही होतं.

घरात दोन मार्ग आहेत. ओव्हन मोठा असेल तर थंड ओव्हनमध्येच हंडी ठेवायची आणि मग तो 180 अंशांवर लावायचा. आधी तापवलेल्या ओव्हनमध्ये थंड हंडी ठेवली तर ती तडकते. सव्वा ते दीड तास लागतो. गॅसवर करायची असेल तर हंडीखाली जाड लोखंडी तवा हवा. हंडी सरळच ठेवावी लागते, म्हणून खालचा भाग करपू नये यासाठी तळाशी केळीच्या खोडाच्या ओल्या पट्ट्या किंवा पानांचे तीन-चार थर द्यायचे. पहिली दहा मिनिटं बारीक, पुढची पंधरा मिनिटं मध्यम, आणि वाफ दिसायला लागली की पुन्हा बारीक आचेवर तासभर.

सरळ हंडीतून वाफ वरून निसटते, ही अडचण राहते. ती आमच्या मजल्यावरच्या एका बिहारी शेजाऱ्यांनी सोडवली. ते चंपारणकडचे. त्यांच्याकडे मडक्यात अहुना मटण करतात आणि झाकण कणकेने लिंपून बंद करतात. त्यांनी आमची हंडी बघितली आणि म्हणाले, भाऊसाहेब, कणिक लावा. पानांवर मातीचं झाकण ठेवून कडेने कणकेची जाड वळी दाबली, की वाफ आत राहते. भट्टीत लिट्टी भाजणाऱ्या माणसाला आमचा वाल समजावून सांगावा लागला नाही. कारखान्यांच्या निमित्ताने बोईसरला देशभरातली माणसं येऊन राहिली आहेत. त्यांचं शहाणपणही त्यांच्याबरोबर आलेलं आहे.

गॅस बंद केल्यावर हंडी वीस मिनिटं तशीच राहू द्या. गरम हंडी ओल्या कडप्प्यावर ठेवू नका, खाली लाकडी फळी किंवा जाड फडकं घ्या. उघडल्यावर सर्वात मोठा, भरलेला वालाचा दाणा बोटांत दाबून बघा. त्याचं पीठ झालं पाहिजे. मधोमध कचकच लागली तर पुन्हा बंद करून पंधरा-वीस मिनिटं ठेवा. इथे घाई नको, कारण मघाशी सांगितलं. लिंबू पिळायचं ते ताटात. बरोबर हिरवी चटणी आणि ताक. मांसाहारी मंडळी केळीच्या पानात गुंडाळून मसाला लावलेली कोंबडी मधोमध ठेवतात. तेव्हा वेळ वाढवावा आणि हाडाजवळचं मांस लाल नाही ना, ते बघून घ्यावं.

शेंगांचा हंगाम संपल्यावर वाळलेल्या वालाची हंडी करता येते. पाव किलो वाल रात्रभर भिजवून, मोड आणून सोलायचे. या डाळिंब्या पंधरा मिनिटं उकळत्या पाण्यात शिजवून ते पाणी टाकून द्यायचं. मग कांदा, घरचा मसाला, नारळाचं दूध आणि बुडेल एवढं उकळतं पाणी घालून झाकण लावायचं आणि मंद पण बुडबुडे येत राहतील अशा आचेवर पाऊण तास ठेवायचं. दाणा मऊ झाल्यावर चार आमसुलं आणि सुपारीएवढा गूळ. आमच्या बिरड्याचीच ही सावकाश केलेली आवृत्ती म्हणा.

शेवटी, ही शेंग येते कुठून तेही सांगायला हवं. आपल्याकडे पावसाळ्यात भात होतो. भात कापला की जमिनीत जी ओल उरते, तिच्यावर वाल पेरतात. विहीर, पंप यांची गरज नाही, थंडीतलं दव आणि जमिनीतली ओल पुरते. वाल हे द्विदल पीक, त्यामुळे मुळांवरच्या गाठी हवेतला नत्र जमिनीत साठवतात आणि पुढच्या भाताला त्याचा फायदा मिळतो. एका शेतात, एका पावसात दोन पिकं, आणि जमिनीचा कस कायम.

पण आज या जमिनीला वेगळेच भाव आले आहेत. तारापूरचं अणुवीज केंद्र 1969 साली सुरू झालं. पुढे 2005 आणि 2006 मध्ये त्याचे तिसरे-चौथे संच आले, तेव्हा अक्करपट्टी आणि पोफरण ही गावं उठली. औद्योगिक वसाहत वाढली. 2013 मध्ये लोकल डहाणूपर्यंत आली, 2014 मध्ये पालघर जिल्हा झाला. 2024 मध्ये वाढवण बंदराची पायाभरणी झाली आणि बुलेट ट्रेनचं एक स्थानक बोईसरला ठरलं आहे. या गोष्टींबद्दल प्रत्येकाची मतं वेगवेगळी असतील. पण गाव उठताना माणसाला हंडी बरोबर नेता येते, वालाचं शेत नेता येत नाही. आणि भात कापल्यावर शेत पडीक राहिलं, तर पेरायचं बियाणंही दोन-चार वर्षांत घरातून नाहीसं होतं.

आपण शहरात राहणाऱ्यांनी यावर करण्यासारखी गोष्ट अगदी साधी आहे. थंडीत आठवड्यातून एकदा तरी या बायांकडून वालपापडी घ्यावी. घासाघीस कमी करावी. शेंगा गावठी आहेत का, कुठल्या गावच्या आहेत, हे विचारावं. माल खपतो असं दिसलं, तर पुढच्या वर्षी ते शेत पुन्हा पेरलं जातं. फेब्रुवारी उलटला की शेंगा जून व्हायला लागतात. तेव्हा हंडी आणायची असेल तर ती आजच आणून भिजत घाला.

(रेडिओवरील भाषणाचे संपादित रूप)